विश्लेषण : रुग्णालय जनतेचे, नाव राजाचे... ब्रिटनमध्ये ही प्रथा कशी रुजली? आज तिचा उपयोग काय?

क्वीन एलिझाबेथ, किंग जॉर्ज, प्रिन्स चार्ल्स, प्रिन्सेस ऑफ वेल्स... ब्रिटनमधील सरकारी रुग्णालयांची नावे वाचताना राजघराण्याची वंशावळच वाचत असल्यासारखे वाटते. ही रुग्णालये चालतात ती मात्र करदात्यांच्या पैशावर. मग पाटीवर राजाचे नाव कसे आले? त्यातून रुग्णांना कधी काही मिळाले का? आणि नव्या रुग्णालयांना अशी नावे द्यावीत का?

सुरुवात कुठून झाली?

लंडनमधील सेंट बार्थोलोम्यू रुग्णालय ११२३ मध्ये सुरू झाले. पहिल्या हेन्रीच्या दरबारातील राहेर याने ते मठासोबत उभारले. सोळाव्या शतकात आठव्या हेन्रीने रोमशी संबंध तोडले, मठ बंद केले आणि त्यांची मालमत्ता ताब्यात घेतली. मठांच्या उत्पन्नावर चालणारी रुग्णालये त्यामुळे उघड्यावर आली. लंडनच्या नागरिकांनी राजाकडे विनंत्या केल्या. अखेर १५४६-४७ मध्ये राजाने हे रुग्णालय शहराच्या हवाली केले. खर्चासाठी काही रक्कम राजाने नेमून दिली आणि शहरानेही तेवढाच वाटा उचलावा असे ठरले.

म्हणजे आधी उत्पन्न काढून घेतले, मग त्यातला काही भाग परत दिला आणि कागदोपत्री संस्थापक म्हणून राजाचे नाव लागले. अधिकृत नावात ‘आठव्या हेन्रीने स्थापन केलेले’ असा उल्लेख आला. लोकांनी मात्र ते स्वीकारले नाही. ते आधीही ‘बार्ट्स’ होते आणि आजही ‘बार्ट्स’च आहे. प्रवेशद्वारावर १७०२ पासून उभा असलेला हेन्रीचा पुतळा एवढीच त्या नामकरणाची ठळक खूण उरली आहे.

थेम्सच्या दक्षिण काठावरील सेंट थॉमस रुग्णालयाची गोष्टही अशीच आहे. ते बंद पडले आणि हेन्रीचा मुलगा सहावा एडवर्ड याच्या काळात, १५५१ मध्ये पुन्हा सुरू झाले. राजसत्तेला न जुमानणाऱ्या थॉमस बेकेट या संताचे नाव राजाला चालणारे नव्हते. त्यामुळे तेच ‘थॉमस’ नाव ठेवून ते येशूच्या शिष्याचे असल्याचे ठरवण्यात आले. पाटीवरच्या नावाचे राजकारण किती जुने आहे, हे यावरून लक्षात येते.

‘रॉयल’ शब्दाची किंमत काय होती?

अठराव्या आणि एकोणिसाव्या शतकात ब्रिटनमध्ये ‘व्हॉलंटरी’ रुग्णालये मोठ्या संख्येने उभी राहिली. ही धर्मादाय रुग्णालये देणग्या आणि वार्षिक वर्गणीवर चालत. मोठे डॉक्टर तेथे मानद सेवा देत. वर्गणीदाराला बदल्यात एक अधिकार मिळे, तो म्हणजे शिफारस चिठ्ठी देण्याचा. गरीब रुग्णाला दाखल व्हायचे असेल तर बहुतेक ठिकाणी अशी चिठ्ठी लागे. ती नसेल तर दारातून परत जावे लागे.

या व्यवस्थेत ‘रॉयल’ हा शब्द फार मोलाचा होता. राजा किंवा राणी आश्रयदाते आहेत म्हटल्यावर उमराव, व्यापारी आणि बँकर वर्गणीदारांच्या यादीत येण्यासाठी पुढे सरसावत. आजच्या भाषेत सांगायचे तर तो विश्वासार्हतेचा शिक्का होता. राजघराण्याने सगळा पैसा दिला असा त्याचा अर्थ नव्हता. नाव राजाचे आणि रोजचा खर्च वर्गणीदारांचा, अशी ती विभागणी होती.

लंडनचे रॉयल फ्री रुग्णालय या साच्यात बसत नाही. विल्यम मार्सडेन या तरुण शल्यचिकित्सकाने ते १८२८ मध्ये सुरू केले. रस्त्यावर पडलेल्या एका आजारी मुलीला चिठ्ठीअभावी कोणतेही रुग्णालय दाखल करून घेईना, या अनुभवातून त्याने हा निर्णय घेतल्याचे सांगितले जाते. येथे चिठ्ठी लागणार नव्हती आणि पैसेही लागणार नव्हते. १८३२ च्या कॉलऱ्याच्या साथीत या रुग्णालयाने रुग्णांसाठी दार उघडे ठेवले. त्या कामाची दखल घेऊन १८३७ मध्ये राणी व्हिक्टोरियाने ‘रॉयल’ ही उपाधी दिली. येथे काम आधी झाले आणि उपाधी नंतर मिळाली.

याच रुग्णालयाशी महाराष्ट्राचा एक धागा जोडलेला आहे. इतर मोठी रुग्णालये महिला विद्यार्थिनींना प्रवेश देत नव्हती, तेव्हा १८७७ मध्ये रॉयल फ्रीने लंडनच्या महिला वैद्यकीय महाविद्यालयातील विद्यार्थिनींना वॉर्डांत प्रशिक्षण देण्याचे मान्य केले. बालविवाहाच्या खटल्यामुळे देशभर गाजलेल्या डॉ. रखमाबाई याच महाविद्यालयात शिकल्या, रॉयल फ्रीमध्ये प्रशिक्षण घेऊन १८९४ मध्ये डॉक्टर झाल्या आणि भारतात परतून त्यांनी आयुष्यभर रुग्णसेवा केली. रखमाबाईंसाठी या रुग्णालयाच्या नावातील ‘रॉयल’पेक्षा ‘फ्री’ हा शब्द अधिक खरा ठरला.

किंग्ज फंडाने वेगळे काय केले?

१८९७ हे राणी व्हिक्टोरियाच्या कारकिर्दीचे हीरकमहोत्सवी वर्ष. त्या निमित्ताने देशभर रुग्णालयांसाठी वर्गणी गोळा झाली. न्यूकॅसलचे रॉयल व्हिक्टोरिया इन्फर्मरी हे त्याचेच उदाहरण. जमीन शहराची, पैसा देणगीदारांचा आणि लोकवर्गणीचा, नाव राणीचे. १९०६ मध्ये सातव्या एडवर्डने त्याचे उद्घाटन केले.

लंडनमध्ये मात्र एक वेगळा प्रयोग झाला. युवराज एडवर्डने वृत्तपत्रांतून लंडनकरांना आवाहन केले आणि शहरातील सर्व रुग्णालयांसाठी एक सामायिक निधी उभारला. त्यासाठी खास तिकिटेही विकली गेली. युवराज राजा झाल्यावर, १९०२ मध्ये, त्याचे नाव ‘किंग एडवर्ड्स हॉस्पिटल फंड फॉर लंडन’ झाले. आज तो ‘किंग्ज फंड’ या नावाने आरोग्य धोरणाचा अभ्यास करतो.

या फंडाने पैसा वाटताना अटी घातल्या. मदत हवी असेल तर रुग्णालयाने ठरलेल्या एकसमान पद्धतीने हिशेब ठेवायचा. त्यामुळे कोणत्या रुग्णालयात एका खाटेवर किती खर्च होतो, याची तुलना शक्य झाली. फंडाचे प्रतिनिधी प्रत्यक्ष भेट देत आणि त्यांचा अहवाल पाहून अनुदान ठरे. एकाच आजारासाठी शहरात वेगवेगळी छोटी रुग्णालये असतील, तर त्यांनी एकत्र यावे म्हणून फंडाने दबाव आणला. १९०५ ते १९०७ दरम्यान लंडनमधील तीन अस्थिरोग रुग्णालयांचे विलीनीकरण होऊन रॉयल नॅशनल ऑर्थोपेडिक हॉस्पिटल आकाराला आले, त्यामागेही हाच रेटा होता.

राजनामाच्या एवढ्या मोठ्या इतिहासात रुग्णांना सर्वाधिक उपयोगी पडलेला भाग कदाचित हाच असावा. राजाच्या नावाने पैसा आला, पण त्याच नावाने हिशेब आणि तपासणीही आली. नावासोबत जबाबदारी असली की त्याचा लाभ खाटेवरच्या माणसापर्यंत पोहोचतो, हे लंडनने शंभर वर्षांपूर्वीच पाहिले होते.

१९४८ मध्ये काय बदलले?

५ जुलै १९४८ रोजी आरोग्यमंत्री अन्युरिन बेव्हन यांच्या पुढाकाराने राष्ट्रीय आरोग्य सेवा, म्हणजे एनएचएस सुरू झाली. इंग्लंड आणि वेल्समधील १,१४३ व्हॉलंटरी रुग्णालये आणि १,५४५ पालिका रुग्णालये एका दिवसात सरकारी झाली. व्हॉलंटरी रुग्णालयांत सुमारे ९० हजार खाटा होत्या, तर पालिकांच्या रुग्णालयांत सुमारे ३ लाख ९० हजार.

ही आकडेवारी नीट पाहायला हवी. राजनामे प्रामुख्याने व्हॉलंटरी रुग्णालयांवर होती. पण पाचपैकी चार खाटा पालिकांकडे होत्या. त्यातील अनेक रुग्णालयांचे मूळ ‘वर्कहाउस’मध्ये, म्हणजे निराधारांना कष्टाच्या बदल्यात आसरा देणाऱ्या कठोर व्यवस्थेत होते. वृद्ध, मनोरुग्ण, क्षयरोगी आणि दीर्घ आजारी माणसे मुख्यतः तेथे असत. रुग्णसेवेचा मोठा भार बिनराजनामाच्या इमारतींनी वाहिला, इतिहासात मात्र शाही पाट्या ठळक राहिल्या.

१९४८ नंतर वर्गणीदार गेले, चिठ्ठ्या गेल्या. खर्च करातून होऊ लागला. त्यामुळे राजनामाचे मूळ काम, म्हणजे देणगी खेचणे, जवळजवळ संपले. नामकरण मात्र थांबले नाही. १७४० मध्ये स्थापन झालेले लंडन हॉस्पिटल २५० वर्षांनी, १९९० मध्ये ‘रॉयल लंडन’ झाले. ‘रॉयल’ शब्द वापरायचा तर आजही राजाची परवानगी लागते आणि त्यासाठीचे अर्ज कॅबिनेट ऑफिसमार्फत जातात.

नाव राणीचे, छप्पर टेकूवर?

नॉरफोकमधील किंग्ज लिन येथे राजघराण्याच्या सँड्रिंगहॅम इस्टेटजवळ क्वीन एलिझाबेथ हॉस्पिटल आहे. १९८० मध्ये सुरू झालेल्या या रुग्णालयाला राजमातेचे नाव आहे. इमारत बांधताना आरएएसी नावाचे हलके काँक्रीट वापरले गेले. त्यात हवेचे असंख्य बुडबुडे असतात. ते स्वस्त आणि लवकर बसणारे, पण ओल लागली आणि वय झाले की धोकादायक. ३० वर्षे टिकेल या हिशेबाने बांधलेल्या इमारतीचे छत पुढे हजारो टेकू लावून सावरावे लागले. वॉर्डांत खाटांच्या शेजारी खांब, असे दृश्य तेथील कर्मचाऱ्यांच्या अंगवळणी पडले. २०२३ मध्ये सरकारने पुनर्बांधणीसाठी या रुग्णालयाची निवड जाहीर केली.

दुसरे उदाहरण ग्लासगोचे. तेथे ८४ कोटी २० लाख पौंड खर्चून बांधलेले साउथ ग्लासगो युनिव्हर्सिटी हॉस्पिटल २०१५ मध्ये सुरू झाले. जुलैमध्ये राणी दुसऱ्या एलिझाबेथच्या हस्ते उद्घाटन झाले आणि त्याला ‘क्वीन एलिझाबेथ युनिव्हर्सिटी हॉस्पिटल’ असे नाव मिळाले. अनेक स्थानिकांनी नाव बदलण्यास विरोध केला. इमारतीच्या आकारामुळे लोकांनी तिला ‘डेथ स्टार’ असे टोपणनावही दिले. पुढे पाणीपुरवठा आणि वायुवीजन यंत्रणेबाबत गंभीर प्रश्न उभे राहिले. २०१८ मध्ये त्याच संकुलातील मुलांच्या रुग्णालयातील कर्करोगाचे वॉर्ड हलवावे लागले आणि २०२० मध्ये सार्वजनिक चौकशी सुरू झाली.

या दोन्ही ठिकाणच्या दोषांना राणी किंवा राजमाता जबाबदार नव्हत्या. मुद्दा तो नाहीच. मुद्दा असा, की मोठे नाव दिल्याने ना छत मजबूत झाले, ना नळाचे पाणी सुरक्षित झाले. जुन्या किंग्ज फंडात नाव आणि तपासणी हातात हात घालून येत. आजच्या नामकरणात फक्त पडदा बाजूला सरतो आणि पाहुणे निघून जातात.

मुंबई-पुण्याच्या ‘केईएम’चे काय?

सातवा एडवर्ड १९१० मध्ये वारला आणि साम्राज्यात ठिकठिकाणी त्याच्या स्मरणार्थ रुग्णालये निघाली. मुंबईतील परळचे किंग एडवर्ड मेमोरियल, म्हणजेच केईएम, १९२६ मध्ये सुरू झाले. ते महापालिकेचे रुग्णालय. त्याला जोडलेल्या सेठ गोरधनदास सुंदरदास वैद्यकीय महाविद्यालयाच्या देणगीची अट महत्त्वाची होती. येथील अध्यापक भारतीयच असावेत, असे देणगीदारांचे म्हणणे होते. सरकारी वैद्यकीय सेवेत वरची पदे इंग्रजांकडे जात, त्याला दिलेले हे उत्तर होते. नाव इंग्रज राजाचे आणि हेतू स्वाभिमानाचा!

पुण्याच्या रास्ता पेठेतील केईएम १९१२ मध्ये छोट्या स्वरूपात सुरू झाले. १९४४ मध्ये तेथे आलेल्या डॉ. बानू कोयाजी यांनी ते मोठे केले आणि वढूसारख्या गावापर्यंत आरोग्यसेवा नेली. त्यासाठी १९९३ मध्ये त्यांना मॅगसेसे पुरस्कार मिळाला. आज ‘केईएम’ म्हटल्यावर कुणालाही एडवर्ड आठवत नाही. परळला येणाऱ्या रुग्णाला गर्दी आठवते, पण ‘तिथे नेलं की इलाज होतो’ हा विश्वासही आठवतो. लंडनच्या बार्ट्ससारखेच हेही नाव लोकांनी आपल्या जिभेवर घडवले.

मग नावे बदलायची का?

जुनी नावे पुसून फारसे काही साधत नाही. लखनौच्या किंग जॉर्ज वैद्यकीय विद्यापीठाला मायावती सरकारने छत्रपती शाहू महाराजांचे नाव दिले होते. २०१२ मध्ये सरकार बदलले आणि जुने नाव परत आले. पाट्या बदलल्या, पण रुग्णांच्या रांगा त्याच राहिल्या.

राजनामाचे समर्थक म्हणतात, की नावाला खर्च येत नाही आणि आजही रुग्णालयांच्या धर्मादाय निधीला त्याचा फायदा होतो. हे काही अंशी खरेही आहे. पण त्याची दुसरी बाजू अशी, की नाव फुकट मिळते म्हणूनच ते सहज दिले जाते. करातून उभ्या राहिलेल्या नव्या रुग्णालयाला नाव देताना तेथील लोकांना आधी विचारले जावे, एवढी अपेक्षा गैर नाही. आणि तरीही एखादे मोठे नाव द्यायचे असेल, मग ते लंडनमधील राजाचे असो वा आपल्याकडील नेत्याचे, तर दरवर्षी त्या नावाने एक अहवालही निघायला हवा. किती रुग्ण आले, किती परत गेले, किती पैसा खर्च झाला आणि इमारतीची तपासणी शेवटची कधी झाली, याची माहिती त्यात असावी. एडवर्डच्या फंडाने अशी सवय लंडनच्या रुग्णालयांना लावली होती. त्याचे नाव पुढे नेणाऱ्यांनी ही सवयही पुढे न्यावी.