पेणच्या दामल्यांचा कॅमेरा

पावसाळ्यात कुडपणला येणारी मंडळी धबधबा आणि भीमाची काठी बघून, धुक्यात मोबाइलवर चित्रण करून परततात. पोलादपूरच्या डोंगरातलं हे गाव शेलारमामांचं म्हणून ओळखलं जातं. इथे आलं की मला १९२३ सालचा 'सिंहगड' आठवतो. बाबूराव पेंटरांच्या त्या मूकपटात शेलारमामा झाले होते तरुण व्ही. शांताराम. रात्रीच्या प्रसंगांसाठी बाबूरावांनी त्यात विजेचे दिवे वापरले. तोवर आपल्याकडचं चित्रण सूर्यावरच अवलंबून असे.

बाबूरावांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीचा पायाच कोल्हापुरात घडवलेल्या कॅमेऱ्यावर उभा होता. तो बाबूरावांसोबत घडवणारे विष्णुपंत दामले आपल्याच रायगड जिल्ह्यातले. जन्म पेणचा, १८९२चा. नाटकांचे पडदे रंगवता रंगवता ते यंत्रांकडे वळले. बाबूरावांचे बंधू आनंदराव पेंटर १९१६ साली गेले. त्यांचं कॅमेऱ्याचं अपुरं स्वप्न बाबूराव आणि दामल्यांनी १९१८ साली पुरं केलं. हे काम सोपं नव्हे. हँडल फिरवताना फिल्म सेकंदाला साधारण सोळा वेळा पुढे सरकायची, दर वेळी भिंगासमोर क्षणभर पूर्ण थांबायची, आणि ती सरकत असताना शटर मिटलेलं हवं. दात्यांचा मेळ केसभर चुकला तरी पडद्यावर चित्र थरथरणार. हे सारं स्वतः घडवायचं होतं!

पुढे १९२९ साली 'प्रभात' फिल्म कंपनी निघाली. कॅमेरा धायबरांकडे, कलादिग्दर्शन फत्तेलालांकडे, आणि बोलपट आले तेव्हा ध्वनी दामल्यांकडे. कॅमेरा घडवणाऱ्या माणसाने चाळिशीच्या उंबरठ्यावर ध्वनिमुद्रणाचं नवं शास्त्र आत्मसात केलं, याचं मला फार अप्रूप वाटतं. त्यांनी फत्तेलालांसह दिग्दर्शित केलेला 'संत तुकाराम' १९३६ साली आला, मुंबईच्या 'सेंट्रल'मध्ये सत्तावन्न आठवडे चालला आणि पुढच्याच वर्षी व्हेनिसला गौरवला गेला. १९४५ साली दामले गेले. 'प्रभात'च्या पुण्यातल्या आवारात आज फिल्म इन्स्टिट्यूटची मुलं छायालेखन शिकतात.

शांतारामबापूंचं नाव घरोघरी पोचलं, दामल्यांचं त्यांच्याच जिल्ह्यात फारसं निघत नाही. रायगडातल्या शिक्षकांना माझी विनंती आहे: यंदा मुलांना 'संत तुकाराम' दाखवा, आणि सुरू करण्याआधी पाच मिनिटं पेणच्या दामल्यांच्या कॅमेऱ्याची गोष्ट सांगा.