नाटक, नाच की सभा?

थोडं मोठं आहे, पण शेवटपर्यंत वाचा.

माझा पुतण्या कला महाविद्यालयात शिकतो. गेल्या महिन्यात त्याला आणि त्याच्या मित्रांना एका सार्वजनिक बागेत सादरीकरण करायचं होतं. परवानगीचा अर्ज द्यायला मीही सोबत गेलो. खिडकीतल्या साहेबांनी विचारलं, "नाटक, नाच की सभा?" पोरगा म्हणाला, "परफॉर्मन्स आर्ट." साहेबांनी अर्ज परत सरकवला. "असा रकाना नाही."

रात्री दादानेही वेगळ्या शब्दांत तेच विचारलं. "यात करिअर काय होणार याचं?"

दादा, हे उत्तर तुझ्यासाठी आणि त्या साहेबांसाठीही.

रुमाना हुसेन हे नाव आपल्यापैकी किती जणांनी ऐकलंय? १९५२ साली बेंगळुरूत जन्म, कामाची भूमी मुंबई. आधी त्या तैलचित्रं करायच्या. म्हणजे भिंतीवर टांगता येईल, विकता येईल अशी कला. मग डिसेंबर १९९२ आणि जानेवारी १९९३ च्या दंगली झाल्या. श्रीकृष्ण आयोगाने मृतांचा आकडा ९०० नोंदवला. त्यानंतर रुमानाताईंना नुसता कॅनव्हास पुरेनासा झाला. त्या मांडणशिल्पाकडे आणि परफॉर्मन्सकडे वळल्या.

१९९५ साली मुंबईत एनसीपीएच्या आवारात त्यांनी 'लिव्हिंग ऑन द मार्जिन्स' सादर केलं. पायात घुंगरू, हातात मधोमध चिरलेली पपई, तोंड किंचाळल्यासारखं उघडं, पण आवाज नाही. तशाच त्या चालत राहिल्या. संवाद नाही, गोष्ट नाही. दंगलीत बाईच्या वाट्याला काय येतं, हे सांगायला मला तरी याहून नेमकं काही सुचत नाही.

१९९८ साली 'इज इट व्हॉट यू थिंक?' केलं, तेव्हा त्या कर्करोगाशी झुंजत होत्या. मुस्लिम बाईविषयी लोक मनात जे प्रश्न धरतात, ते त्या एकामागून एक वाचत गेल्या. उत्तरं दिलीच नाहीत, ती बघणाऱ्यांवर सोडली. १९९९ मध्ये त्या गेल्या.

म्हणजे परफॉर्मन्सची कारकीर्द जेमतेम काही वर्षांची. त्यावर आज देशात आणि परदेशातही प्रदर्शनं होतात, अभ्यास होतो.

आता मान्य करतो की या नावाखाली भंपकपणाही बराच चालतो. मी स्वतः अशा कार्यक्रमांतून कंटाळून उठून आलोय. पण वाईट नाटकं निघतात म्हणून आपण नाट्यगृहं बंद करतो का?

माझं म्हणणं एवढंच आहे. या कलेत मागे वस्तू उरत नाही. उरतात ते बघणारे, आणि कुणी केलं असेल तर चित्रीकरण. त्यामुळे जागाच नाकारली तर ती कला रखडत नाही, ती घडतच नाही. चित्रकार निदान घरात बसून रंगवू शकतो.

म्हणून दोन मागण्या. अर्जात 'इतर' असा एक रकाना टाका. आणि कला महाविद्यालयांनी मुलांच्या सादरीकरणांचं चित्रीकरण नीट जपून ठेवावं. यात खर्च तो कितीसा?

आणि दादा, पैशाचं म्हणशील तर हमी मी देऊ शकत नाही. पण पोराला विचारायचंच असेल तर "किती मिळतील?" याच्या आधी "तुला सांगायचंय काय?" हे विचार.

तुमच्या गावात अशा कामाला जागा मिळते का? खाली लिहा.