नाकारत नाहीत, नुसतं लटकवतात!

बांधकाम कामगाराचा नोंदणी अर्ज फेटाळणं साहेबाला परवडत नाही. 2025 पर्यंत लागू असलेल्या 1996 च्या केंद्रीय कायद्याचं कलम 12 सांगायचं की, अर्जदाराचं म्हणणं ऐकल्याशिवाय अर्ज फेटाळता येत नाही. आणि फेटाळला, तर कामगाराला 30 दिवसांत मंडळाच्या सचिवांकडे अपील करता यायचं. म्हणजे सही करणारा अडकायचा.

म्हणून अर्ज फेटाळतच नाहीत. 'पेंडिंग' ठेवतात. निर्णयच नाही, तर अपील कशावर करणार? आज सर्व्हर डाऊन, उद्या साहेब मीटिंगला, परवा 90 दिवसांच्या दाखल्यावरचा शिक्का पुसट. गवंडी असो की बिगारी, दर खेपेला एक हजेरी बुडते. तिसऱ्या खेपेला दारातच एजंट भेटतो. ही दिरंगाईच त्याचं दुकान चालवते.

कुणी म्हणेल, बोगस नोंदण्या होतात, तपासणी नको का? हवीच! तपासा, बोगस निघाला तर कारण लिहून फेटाळा. पण गठ्ठ्यात पडून राहिलेल्या फाइलीतून बोगस माणूस सापडत नाही. तो एजंटाला पैसे देऊन मोकळा होतो. रांगेत उरतो तो खरा कामगार.

आणि उशीर म्हणजे नुसता हेलपाटा नाही, त्यात हक्कच बुडतो. साठी उलटली की नोंदणी संपते. साठीनंतरच्या लाभांसाठी कायद्याची अट आहे: साठी पूर्ण होण्याआधी सलग तीन वर्षं नोंदणी हवी. आता हिशेब करा. 56 वर्षं 9 महिने वयाच्या गवंड्यानं अर्ज दिला आणि फाइल चार महिने पडून राहिली, तर तीन वर्षं भरणारच नाहीत. जन्मभर दुसऱ्यांची घरं बांधली, आणि म्हातारपण बुडालं कुणाच्या तरी टेबलावर! बांधकामाच्या खर्चावर 1 टक्का उपकर घेतात, तो याच लोकांसाठी. तो उपकर आहे, साहेब, उपकार नाही.

मग करायचं काय? हात जोडणं बंद करा, कागद करा.

1) अर्जाची पोच घ्या, ऑनलाइन असेल तर अर्ज क्रमांक जपून ठेवा. पोच नाही तर पुढचं काहीच नाही.

2) माहिती अधिकारात विचारा: माझा अर्ज कोणत्या तारखेपासून कुणाकडे आहे, आणि का? 30 दिवसांत उत्तर देणं बंधनकारक आहे.

3) लोकसेवा हक्क कायदा, 2015. कार्यालयातला सेवांचा फलक बघा. नोंदणी त्या यादीत असेल आणि मुदत टळली असेल, तर निर्णय नसतानाही अपील करता येतं. कसूर ठरली तर अधिकाऱ्याला 500 ते 5000 रुपये दंड आहे. यादीत नसेल, तर का नाही, हे आमदारांना भर सभेत विचारा.

4) सरकारी कर्मचाऱ्यांसाठी 2005 चा दिरंगाई प्रतिबंधक कायदा आहे. एका टेबलावर फाइल साधारणपणे सात कामाच्या दिवसांपेक्षा जास्त थांबता कामा नये. वरिष्ठांकडे तक्रार करताना हे कलम 10 लिहाच.

5) तरीही हलत नसेल तर लेखी नोटीस द्या, आणि मग उच्च न्यायालय. अनुच्छेद 226 खाली 'अमुक मुदतीत निर्णय घ्या' असा आदेश मागता येतो. खर्चाची भीती असेल तर तालुका विधी सेवा समितीकडे जा. महिला, अनुसूचित जाती-जमातीचे लोक आणि औद्योगिक कामगार यांना मोफत वकील मिळतो.

एकट्यानं गेलात तर 'उद्या या' ऐकाल. नाक्यावरचे वीस जण वीस पोचा घेऊन एकाच दिवशी गेलात, तर खुर्ची हलेल.

आपल्यातले अनेक कामगार फेसबुकवर नाहीत. तुमच्या गल्लीत ज्याचं काम चालू आहे, त्या गवंड्याला ही पोस्ट वाचून दाखवा. नुसतं लाइक करून त्याची नोंदणी होणार नाही.