सनमायक्यावर रंग

सुताराने घरी बसून केलेली जुनी कपाटं अजून खणखणीत असतात; नकोसा होतो तो त्यांचा गडद चॉकलेटी सनमायका. तेवढ्यासाठी चांगलं कपाट भंगारात निघालेलं पाहिलं की जीव हळहळतो. ते घरच्या घरी स्प्रेने रंगवता येतं.

पण सनमायका म्हणजे लाकूड नव्हे. रेझिनमध्ये भिजवलेले कागद उष्णता आणि दाबाखाली एकजीव केलेले असतात, वरचा थर मेलामाइनचा. सांडलेला चहा मुरू नये म्हणूनच तो केलेला, मग रंग तरी कसा मुरणार? नुसता मारलेला रंग पुढे नखानेही सोलून निघतो.

म्हणून खरं काम डबा हाती घेण्याआधीचं. दारं उतरवायची, मुठी-बिजागऱ्या काढायच्या. स्वयंपाकघरातल्या कपाटावर मुठीभोवती तेलकट चिकटा असतो. तो साबणाच्या पाण्याने पुसायचा. फडकं मात्र घट्ट पिळलेलं हवं. आत पार्टिकल बोर्ड असेल तर कडेतून शिरलेल्या पाण्याने ते फुगतं आणि पुन्हा बसत नाही. मग 220 नंबरचा पॉलिश पेपर. सनमायका झिजवायचा नाही, फक्त चकाकी मारायची. दार उजेडात तिरपं धरलं की राहिलेले चकचकीत ठिपके दिसतात. तिथे पुन्हा हात फिरवायचा. धूळ पुसून बाँडिंग प्रायमर द्यायचा. हा टप्पा गाळायचा असेल, तर रंगाचे पैसेही घालवू नयेत.

स्प्रेचा डबा वीतभर लांब धरायचा. फवारा दाराच्या कडेबाहेर सुरू करून पलीकडच्या कडेबाहेर थांबवायचा. दारावरच बोट दाबलं की तिथे रंग साचून ओघळतो. पहिला हात इतका पातळ हवा की खालचा प्रायमर दिसत राहील. ते पाहून धीर सुटतो, पण दुसऱ्या-तिसऱ्या हाताला रंग भरतो.

बहुतेक डब्यांतला वायू पेट घेणारा असतो. गॅस, देवाजवळचं निरांजन, उदबत्ती यांच्या आसपास फवारणी नकोच; गच्ची किंवा उघडा व्हरांडा बरा. कापडी मास्कने वाफ अडत नाही, रंगकामाचा फिल्टरवाला घ्यावा. पावसाळ्यात हे काम काढू नये, दमट हवेत रंगावर पांढुरकी झाक येते.

हाताला कोरडा लागला तरी रंग पुरता घट्ट व्हायला काही आठवडे जातात. तोवर त्यावर जड वस्तू ठेवायच्या नाहीत. आणि रोजच्या जेवणाच्या टेबलाचा वरचा भाग मी तरी रंगवणार नाही. गरम पातेली आणि रोजची घासपूस तिथे रंगाला टिकू देत नाहीत. तिथे नवा सनमायकाच लावावा.