पॅकेज किती असतं गं?

मागच्या रविवारी लिफ्टमध्ये खालच्या मजल्यावरच्या काकांनी मला गाठलं. गंगापूर रोडच्या आमच्या सोसायटीत मी 'पेपरात लिहिणारी' म्हणून फेमस आहे. त्यामुळे दहावीनंतर काय, इथपासून सोनं कधी उतरणार, इथपर्यंतचे सगळे प्रश्न माझ्याकडेच येतात. या वेळचा प्रश्न मात्र नवीन होता. "आमची बाई फुटबॉल खेळते. पॅकेज किती असतं गं त्यात?"

'बाई' म्हणजे त्यांची मुलगी. वय सोळा, अकरावी सायन्स, खेळते स्टॉपर म्हणजे मधली बॅक. आता नाशिकला पळणाऱ्या मुली नवीन नाहीत. सावरपाड्याच्या कविता राऊतने २०१० च्या दिल्ली कॉमनवेल्थमध्ये दहा हजार मीटरचं ब्राँझ आणलं, तेव्हापासून पोरगी पहाटे ट्रॅकवर निघाली तर इथे कुणाच्या भुवया उंचावत नाहीत. पण फुटबॉल? तो कोल्हापूरकरांचा, नाहीतर गोव्याचा. आणि त्यातही बॅक! गोल मारणारीचं नाव निदान दुसऱ्या दिवशी छापून तरी येतं.

काकांना म्हटलं, दोन दिवस द्या, नीट बघून सांगते.

तर आधी पैशांचं. (तुम्हीही मनातल्या मनात तेच विचारताय, मला माहितीये.) इंडियन विमेन्स लीग सुरू झाली २०१७ मध्ये. टीम सहा, सगळ्या मॅचेस दिल्लीत, २८ जानेवारीला सुरू आणि १४ फेब्रुवारीला फायनल. संपला सीझन! आपल्या ऑफिसात नवीन जॉइन झालेल्यांचं ट्रेनिंगसुद्धा याहून लांब चालतं. पुढे लीग मोठी झाली, मॅचेस होम-अवे झाल्या. २०२३ मध्ये फुटबॉल फेडरेशनने ठरवलं की प्रत्येक क्लबने किमान दहा भारतीय खेळाडूंना वर्षाला किमान ३ लाख २० हजारांचं काँट्रॅक्ट द्यायचं. महिन्याला साधारण पावणेसत्तावीस हजार. वाईट नाही, फ्रेशरला मिळतात तेवढे. फक्त टीम अकरा जणींची असते, हे नियम लिहिणाऱ्याच्या लक्षात होतं की नाही, देव जाणे.

पण पगाराचा आकडा शोधता शोधता मी अडकले ते एका नावापाशी. लोइतोंगबम आशालता देवी. मणिपूरची, जन्म १९९३ चा, जागा सेंटर बॅक. २०१९ मध्ये नेपाळच्या बिराटनगरला भारताने सॅफ स्पर्धा सलग पाचव्यांदा जिंकली, तेव्हा कॅप्टन हीच. त्याच वर्षी आशियातल्या सर्वोत्तम महिला खेळाडूच्या पुरस्कारासाठी शेवटच्या तिघींत तिचं नाव होतं. पुरस्कार मिळाला जपानच्या साकी कुमागाईला. तीही बॅकच, हे काकांना मुद्दाम सांगायचं ठरवलं.

आणि मग आलं २०२२. आशियाई चषक चक्क आपल्या राज्यात! नवी मुंबई, मुंबई आणि पुणे. पहिल्या पाच टीमना थेट वर्ल्ड कपचं तिकीट, त्यामुळे भारताने क्वार्टर फायनल गाठली असती तर निदान आशा तरी लागली असती. २० जानेवारीला नेरूळच्या डी. वाय. पाटील स्टेडियमवर भारत विरुद्ध इराण, ०-०. मी ती मॅच टीव्हीवर अर्धीच बघितली होती. डेडलाइन होती, आणि खरं सांगायचं तर 'काहीच होत नाहीये' म्हणून मी चॅनल बदललं. आज त्याची लाज वाटते. कारण बॅकच्या दृष्टीने काहीच न होणं हाच तर परफॉर्मन्स! समोरची फॉरवर्ड पळायच्या आधी दोन पावलं मागे सरकायचं, ऑफसाइडची लाइन राखायची, शेजारणीला ओरडून जागेवर आणायचं. नव्वद मिनिटं हे सगळं बिनचूक जमलं की प्रेक्षक म्हणतो, बोअर मॅच.

तीन दिवसांनी, २३ तारखेला, चायनीज तैपेईशी मॅच होती. ती झालीच नाही. टीममध्ये कोरोना इतका पसरला की तेरा जणी उभ्या करणंही शक्य नव्हतं. नियमावर बोट ठेवून यजमान भारत स्पर्धेबाहेर, आणि इराणविरुद्धची ती ०-० देखील रद्द. म्हणजे जे काम केलं तेही हिशेबात नाही. तुमचा संपूर्ण क्वार्टरचा रिपोर्ट सर्व्हरवरून उडाला आणि वर बॉस म्हणाला की तुम्ही कामावर आलाच नव्हता, तर कसं वाटेल?

थांबा, वर्ष अजून संपलं नाही. मे महिन्यात तिच्या कॅप्टन्सीखाली गोकुलम केरळने लीग जिंकली. त्या जोरावर क्लब ऑगस्टमध्ये आशियाई क्लब स्पर्धेसाठी ताश्कंदला गेला. टीम तिथे पोचली आणि कळलं, फिफाने भारतीय फेडरेशनलाच सस्पेंड केलंय. कारभार खुर्चीवाल्यांचा, शिक्षा खेळणाऱ्यांना. एकही मॅच न खेळता टीम परत.

या जागी माझ्यासारखीने राजीनामा टाईप करायला घेतला असता. आशालता खेळत राहिली. ऑक्टोबर २०२४ मध्ये काठमांडूला पाकिस्तानविरुद्ध ती शंभरावी आंतरराष्ट्रीय मॅच खेळली. भारतीय महिलांमध्ये पहिलीच. भारत ५-२ ने जिंकला. (ते दोन गोल तिला नक्की आवडले नसणार.) पुढे २०२५ मध्ये तिचा नवा क्लब ईस्ट बंगालही लीग जिंकला.

एवढं सगळं घेऊन बुधवारी संध्याकाळी मी काकांकडे गेले. त्यांनी ऐकून घेतलं आणि एकच विचारलं, "रेल्वेत वगैरे लागतात का या मुली?" लागतात, म्हटलं, स्पोर्ट्स कोट्यातून. काकांचा चेहरा जरा उजळला आणि ते काकूंना सांगायला आत गेले. मुलगी मात्र सोफ्यावर बसून मोबाईलमध्ये डोकं घालून होती. काका गेल्यावर हळूच म्हणाली, "ताई, बाबांना वाटतंय मी क्लासमुळे जात नाहीये. मागच्या महिन्यात माझ्याकडून सेल्फ गोल झाला. आम्ही त्याच गोलने हरलो. मी नंतर ग्राउंडवर गेलेच नाही."

म्हणजे प्रश्न पॅकेजचा नव्हताच.

मग मी तिला नेरूळच्याच त्या स्टेडियमची दुसरी गोष्ट सांगितली. ऑक्टोबर २०२२, सतरा वर्षांखालील मुलींचा वर्ल्ड कप, यजमान पुन्हा भारत. आपल्या टीमची कॅप्टन झारखंडच्या गुमला जिल्ह्यातली आस्तम उरांव, तीही बॅक. आपण भुवनेश्वरला अमेरिकेकडून ०-८, मोरोक्कोकडून ०-३ आणि ब्राझीलकडून ०-५ असे हरलो. त्याच दिवसांत आस्तमच्या गावात तिच्या सन्मानार्थ रस्ता बांधायला घेतला होता आणि त्या कामावर मजुरीला तिचेच आईवडील होते, ही बातमी तेव्हा सगळीकडे आली होती. ती वाचून तेव्हाही मला काय वाटायला हवं ते कळलं नव्हतं, आजही कळत नाही.

तर त्या वर्ल्ड कपची फायनल ३० ऑक्टोबरला नेरूळला झाली. स्पेन विरुद्ध कोलंबिया. ८१ मिनिटं ०-०. ब्याऐंशीव्या मिनिटाला गोल झाला तो कोलंबियाची बॅक आना मारिया गुझमान हिच्याकडून, स्वतःच्याच जाळ्यात. मॅच १-०, कप स्पेनला. सतरा वर्षांची पोरगी आणि वर्ल्ड कपच्या फायनलमधला एकमेव गोल, तोही सेल्फ!

"मग?" मुलीने मोबाईल बाजूला ठेवला.

मग तिला जर्मनीच्या बायर्न म्युनिकने काँट्रॅक्ट दिलं. आणि ऑगस्ट २०२३ मध्ये, नेरूळनंतर जेमतेम दहा महिन्यांनी, ती मोठ्यांच्या वर्ल्ड कपमध्ये मेलबर्नला जमैकाविरुद्ध खेळत होती. तिने लांबून उचलून दिलेल्या पासवर कातालिना उस्मेने गोल केला. मॅच १-०, कोलंबिया क्वार्टर फायनलमध्ये.

क्लिप लगेच सापडली. मुलीने ती तीनदा बघितली. चौथ्यांदा पॉज केली, मोबाईल डोळ्यांजवळ नेला आणि म्हणाली, "पण बॅक असून ही एवढी पुढे आलीच कशी? मागे कोण थांबलं होतं?"

साडेपाच वाजले होते. प्रॅक्टिस सहाला असते आणि क्लासही सहालाच. आत काका काकूंना पावणेसत्तावीस हजारांचा हिशेब समजावत होते.