मासा पास झाला, मग पेपरच खोटा?

“माशाची आठवण तीन सेकंदांची असते” हे वाक्य पहिल्यांदा कुणी काढलं कोण जाणे. ज्याने काढलं त्याने एकही मासा तीन सेकंदांहून जास्त वेळ पाहिलेला नसणार. तरी ते वाक्य मजेत फिरतंय. विसरभोळ्या नवऱ्यांवरच्या विनोदांत, वाढदिवसाच्या शुभेच्छांत, आणि परवा आमच्या नातलगांच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवरसुद्धा, खाली हसऱ्या चेहऱ्यांची माळ लावून. तिथे मी काही बोलले नाही, कारण तिथे दोन ओळींपलीकडे कुणी वाचत नाही. इथे बोलते.

मासे खाऊ नका असं मी सांगणार नाहीये, घाबरू नका. माझ्या हातचं बांगड्याचं तिखलं खाल्लेली मंडळी हा ब्लॉग वाचतात, त्यांच्यापुढे कसलं सोंग आणायचं? माझं भांडण वेगळं आहे. ज्याची परीक्षा कधी धड घेतलीच नाही त्याला ‘ढ’ ठरवून मोकळं व्हायची आपल्याला जी सवय आहे, तिच्याशी आहे. उभा जन्म शाळेत गेला, त्यामुळे ही सवय मला लांबूनही ओळखू येते.

साक्षीला एकच मासा उभा करते. तांबड्या समुद्रापासून आपल्या लक्षद्वीप-अंदमानपर्यंत आणि पुढे ऑस्ट्रेलियाच्या ग्रेट बॅरियर रीफपर्यंत, प्रवाळांच्या आसऱ्याने बोटाएवढा एक निळसर मासा राहतो. डोळ्यापासून शेपटीपर्यंत काळा पट्टा, मागे रुंद होत गेलेला. शास्त्रीय नाव लॅब्रॉइडिस डिमिडिएटस. क्लीनर फिश म्हणतात त्याला, मी सफाईवाला म्हणेन. मोठ्या माशांच्या अंगावरचे, कल्ल्यांतले, अगदी तोंडातलेसुद्धा रक्तपिपासू परजीवी टिपून खायचे हा त्याचा धंदा. प्रवाळातली ठरावीक जागा हे दुकान. गिऱ्हाईक तिथे येतं आणि पर पसरून, तोंड उघडून निमूट उभं राहतं. ऑस्ट्रेलियातल्या लिझार्ड बेटाजवळ अ‍ॅलेक्झांड्रा ग्रटर या संशोधक बाईंनी मोजदाद केली. एक सफाईवाला दिवसाला दोन हजारांहून जास्त वेळा गिऱ्हाइकं तपासतो आणि सुमारे १,२०० परजीवी खातो, असं त्यांना आढळलं.

आता यातली खरी गंमत. सफाईवाल्याला परजीवी मनापासून आवडतच नाहीत! त्याला आवडतो गिऱ्हाइकाच्या अंगावरचा बुळबुळीत थर. तो ओरबाडला की गिऱ्हाईक दचकतं, अंग झटकतं, कधी निघून जातं, कधी उलटून अंगावर येतं. म्हणजे रोजच्या रोज, गिऱ्हाईकागणिक, याला ठरवायचं असतं की इमानदारी किती आणि चोरी किती. रेदुआन बशारी या शास्त्रज्ञाने वर्षानुवर्षं हे दुकान न्याहाळलं. काय दिसलं? शिकारी मासा आला की हा सहसा फसवत नाही (कोण फसवेल?). ज्यांचा वावर मोठा आहे, जे पलीकडच्या दुकानात जाऊ शकतात, त्यांचा नंबर आधी. जे तिथेच राहणारे, ज्यांना दुसरं दुकान नाही, ते थांबतात. आपल्या कोपऱ्यावरचा वाणी यापेक्षा वेगळं काय करतो? आणि दुसरं गिऱ्हाईक बघत असेल तर सफाईवाला जास्त सचोटीने वागतो. बशारी आणि ग्रटर यांनी २००६ साली ‘नेचर’मध्ये हे प्रसिद्ध केलं. बघणारं गिऱ्हाईकही काही भोळं नसतं. जो सफाईवाला नीट काम करताना दिसतो, त्याच्याच जवळ ते जातं.

नर-मादी जोडीने काम करत असताना मादीने चावा घेऊन गिऱ्हाईक घालवलं, तर नर तिच्या मागे लागतो आणि तिला पिटाळतो. पुढच्या वेळी ती जपून वागते. (नर मेला तर त्याच्या कबिल्यातली सर्वांत मोठी मादी स्वतः नर होते. त्या विषयावर वेगळा लेख होईल, आज नको.)

तीन सेकंदांच्या आठवणीत हे सगळं कसं बसवायचं, ते मला त्या हसऱ्या चेहऱ्यांनी सांगावं.

२०१२ साली एक परीक्षा प्रसिद्ध झाली. दोन ताटल्या, दोन्हींत सारखंच खाणं. एक ताटली अशी की तिच्याकडे आधी वळला नाहीत तर ती उचलून नेतात. दुसरी जागेवरच राहते. म्हणजे जाणारी आधी खाल्ली तर दोन्ही मिळतात. राहणारं गिऱ्हाईक आणि निघून जाणारं गिऱ्हाईक, तोच हिशोब. प्रौढ सफाईवाल्यांना तो जमला. चिंपांझींपैकी काहींनाच जमला, आणि कॅपुचिन माकडं व ओरांगउटान दिलेल्या संधींत अडकून राहिले. लहान वयाच्या सफाईवाल्यांनाही जमला नाही, हे मला फार महत्त्वाचं वाटतं. ज्याला लोक ‘नुसती उपजत बुद्धी’ म्हणून झटकतात, त्यात वयाचा आणि अनुभवाचा वाटा होता.

मग आली आरशाची परीक्षा. ती गॉर्डन गॅलप यांनी १९७० साली चिंपांझींसाठी काढली. अंगावर स्वतःला दिसणार नाही अशा जागी खूण करायची आणि समोर आरसा ठेवायचा. आरशात बघून प्राण्याने स्वतःच्या अंगावरची खूण चाचपली, तर तो स्वतःला ओळखतो असं मानायचं. २००६ साली तीन हत्तींची ही परीक्षा झाली, त्यांतला एक पास झाला आणि जगभर हत्तीचं कौतुक झालं. २०१९ साली जपानमध्ये मासानोरी कोहदा आणि सहकाऱ्यांनी चार सफाईवाल्यांची घेतली. त्यांतले तीन पास झाले. सुरुवातीला ते आरशातल्या माशावर धावून गेले, मग आरशासमोर विचित्र, उलटेपालटे पोहून पाहिलं, मग शांत होऊन निरखू लागले. गळ्याखाली तपकिरी ठिपका केल्यावर त्यांनी आरशात पाहिलं आणि तळावर जाऊन गळा घासला. रंगहीन खूण केली तर घासला नाही. रंगीत ठिपका आहे पण आरसा नाही, तरीही घासला नाही.

आणि कौतुक? छे! लगेच चर्चा सुरू झाली की ही परीक्षाच कितपत विश्वासाची. शंका घेणं हे शास्त्राचं कामच आहे, त्याबद्दल तक्रार नाही. पण हीच शंका हत्तीच्या वेळी इतक्या हिरिरीने का नाही सुचली? एक आक्षेप असा होता की तपकिरी ठिपका परजीवीसारखा दिसतो, म्हणून मासा घासतो. अहो, मग तेच तर! सोंड नसलेल्या, हात नसलेल्या जिवाला त्याला कळणाऱ्या भाषेत प्रश्न विचारला, म्हणून उत्तर आलं. २०२२ साली त्याच गटाने आणखी मासे घेतले. आधीचे धरून १८ पैकी १७ पास. निळ्या-हिरव्या ठिपक्याकडे मात्र त्यांनी लक्षच दिलं नाही. निळ्या ठिपक्याचा पेपर काढला असता तर सगळे नापास ठरले असते.

मी मराठी माध्यमात बी.ए. झालेली बाई. घरी वेगळीच बोली बोलणारी, वर्गात गप्प बसणारी पोरं पाहिली आहेत, आणि त्यांना ‘मठ्ठ’ म्हणणारे सहकारीही. तीच पोरं बाजाराच्या दिवशी आईशेजारी बसून भाजीचा हिशोब तोंडी करायची, एका पैशाची चूक नाही. निळा ठिपका आणि तपकिरी ठिपका हा फरक मला कुणी समजावून सांगायला नको.

हे नुसतं मानपानाचं भांडण असतं तर एवढं लिहिलं नसतं. ‘त्याला काय कळतं’ म्हटलं की त्याला उचलून कुठेही ठेवायला आपण मोकळे. हा मासा शोभेच्या माशांच्या व्यापारात पकडून विकला जातो. दिवसाला हजारावर परजीवी टिपणारा जीव चार माशांच्या काचेच्या पेटीत येतो. त्याने खायचं काय? पुष्कळदा तो उपाशी मरतो. तिकडे प्रवाळाचं काय होतं, तेही पाहिलं गेलंय. लिझार्ड बेटाजवळच्या काही लहान प्रवाळ-तुकड्यांवरून सफाईवाले मुद्दाम काढून टाकले आणि तब्बल साडेआठ वर्षं ते तसेच ठेवले. तिथे वस्तीला असणाऱ्या माशांची संख्या ३७ टक्क्यांनी कमी भरली, जातींची संख्या २३ टक्क्यांनी.

त्याच बेटाजवळ २०१४ आणि २०१५ साली चक्रीवादळं आली, २०१६ साली पाणी तापून प्रवाळ पांढरे पडले. सफाईवाले सुमारे ८० टक्क्यांनी घटले, गिऱ्हाइकंही ओसरली. उरलेल्या सफाईवाल्यांची पुन्हा ताटल्यांची आणि बघ्यांसमोरच्या वागणुकीची परीक्षा घेतली, तेव्हा पूर्वी त्यांच्या जातभाईंना जमणारं गणित त्यांतल्या बहुतेकांना जमेना. रांगच उरली नव्हती, मग कुणाला आधी घ्यायचं हे शिकायचं कुणाकडून?