लिलावातील भाव आणि खेळाडूची मिळकत

प्रो कबड्डी लीगच्या २०२५ सालच्या लिलावात इराणच्या मोहम्मदरझा शादलुई या खेळाडूवर २ कोटी २३ लाख रुपयांची बोली लागली. २०१४ साली आठ संघांनिशी ही स्पर्धा सुरू झाली, तेव्हा सर्वांत मोठा भाव राकेशकुमारला मिळाला होता आणि तो १२ लाख ८० हजार रुपयांचा होता. अकरा वर्षांत कमाल भाव सतरा पटींहून अधिक वाढावा, ही गोष्ट कोणत्याही व्यवसायात डोळे दिपविणारी आहे. जळगाव-धुळ्याकडील महाविद्यालयांच्या मैदानांवर तिन्हीसांजेपर्यंत घाम गाळणाऱ्या मुलांचे डोळे तिने दिपावेत, यात नवल नाही. कालपर्यंत खेळाकडे पोलीस भरतीची किंवा रेल्वेतील नोकरीची पायरी म्हणून पाहिले जात होते. आता खेळ हाच व्यवसाय होऊ शकेल, असे त्यांना वाटू लागले आहे. प्रश्न असा की, हा व्यवसाय त्यांना किती वर्षे पोसणार?

भाव आणि मिळकत या दोन भिन्न गोष्टी आहेत, हे रावेर-सावद्याच्या केळी उत्पादकाला समजावून सांगावे लागत नाही. एका हंगामात चढा भाव मिळतो आणि पुढच्या हंगामात उभी बाग वादळात आडवी होते. त्याची खरी मिळकत काढावयाची, तर चांगली-वाईट सर्व वर्षे धरूनच ती काढावी लागते. खेळाडूच्या बाबतीत मात्र वृत्तपत्रे चढ्या भावाच्या वर्षाचे तेवढे मथळे देतात. बाग पुन्हा लावता येते, शरीर तसे लावता येत नाही, हा त्यांतील आणखी एक फरक.

कोल्हापूर जिल्ह्याच्या चंदगड तालुक्यातील हुंदळेवाडी परिसरातून पुढे आलेल्या सिद्धार्थ देसाईची कारकीर्द या दृष्टीने पाहण्याजोगी आहे. २०१८ साली मुंबईच्या संघाने त्याला ३६ लाख ४० हजार रुपयांना घेतले. त्या पहिल्याच हंगामात त्याने चढाईत २१८ गुण मिळविले. परिणामी २०१९ च्या लिलावात तेलुगू टायटन्सने त्याच्यासाठी १ कोटी ४५ लाख रुपये मोजले. त्या लिलावातील तो सर्वांत मोठा आकडा होता. त्यानेही २१७ गुण मिळवून तो भाव सार्थ ठरविला. त्यानंतर आली महामारी. २०२० साली स्पर्धा झालीच नाही. ऑक्टोबर २०१९ मध्ये मिटलेले मैदान डिसेंबर २०२१ मध्ये, तेही बंगळुरात प्रेक्षकांविना उघडले. २०२१ च्या लिलावात त्याला १ कोटी ३० लाख मिळाले खरे, पण हंगामाच्या आरंभीच खांदा दुखावला आणि उरलेले सामने त्याच्याविना झाले. पुढच्याच वर्षी, २०२२ मध्ये, त्याचा भाव २० लाखांवर आला. हीच त्याच्या श्रेणीची मूळ किंमत होय. २०२३ साली हरियाणा स्टीलर्सने पुन्हा १ कोटी दिले.

हा चढउतार आळशी किंवा बेशिस्त खेळाडूचा नव्हे, हे ध्यानात घेतले पाहिजे. राज्यातील उत्कृष्ट चढाईपटूंत गणना व्हावी अशा माणसाचा हा आलेख आहे. ऐन उमेदीची दोन वर्षे एका रोगाने नेली आणि एका खांद्याने सहा भागांतील पाच भाग भाव उतरविला. आणि हा तर यशस्वी माणूस! २०२३ च्या लिलावातील सर्वांत खालच्या श्रेणीची मूळ किंमत ९ लाख रुपये होती. त्या श्रेणीत दोन-तीन हंगाम काढून गुडघा गमावणाऱ्याचे नाव मथळ्यात येत नाही, म्हणून त्याचा हिशेबही कोणी मांडत नाही.

महामारीच्या त्या दोन वर्षांत एक गोष्ट स्पष्ट झाली. भारताचा माजी कर्णधार अजय ठाकूर २०२० च्या टाळेबंदीत हिमाचल प्रदेशात पोलीस उपअधीक्षक म्हणून रस्त्यावर बंदोबस्त करीत होता. खेळ थांबला तरी त्याचे वेतन थांबले नाही. भारतीय कबड्डीला आजवर ज्या व्यवस्थेने जगविले ती हीच. पोलीस दले, रेल्वे, बँका आणि पेट्रोलियम कंपन्या खेळाडूला नोकरी देत आणि खेळण्यासाठी रजा देत. त्यापूर्वी मुंबईच्या गिरण्यांनीही संघ पोसले. या व्यवस्थेत पैसा थोडा होता, परंतु पस्तिशीनंतर माणूस उघडा पडत नव्हता. गिरण्या गेल्या, एअर इंडिया जानेवारी २०२२ मध्ये खाजगी मालकीत गेली. राज्य शासनाच्या भरतीत खेळाडूंना पाच टक्के आरक्षण आहे, तथापि बनावट प्रमाणपत्रांच्या प्रकरणांनी त्याची पत घालविली आणि त्याचा जाच खऱ्या खेळाडूंनाच पडताळणीच्या रूपाने सोसावा लागतो. जुना आधार असा आकसत असताना नव्या व्यवस्थेने त्याच्या जागी काय दिले?

या संदर्भात अमेरिकेकडे पाहणे उद्बोधक ठरेल. तेथील फुटबॉल हा नावाचाच फुटबॉल; चेंडू बहुधा हातात असतो आणि अंगाला अंग भिडविणे हा खेळाचा गाभा असतो. त्या अर्थाने तो कबड्डीचा दूरचा भाऊबंदच म्हणावा. तेथे पैसा आपल्या कल्पनेपलीकडचा आहे, तरीही खेळाडू संघटनेच्या हिशेबाने सरासरी कारकीर्द सव्वातीन वर्षांच्या आसपास भरते. माइक वेबस्टर हा पिट्सबर्गचा खेळाडू १९७४ ते १९९० अशी सतरा वर्षे खेळला, चार वेळा विजेत्या संघात होता, १९९७ साली त्याला मानाच्या दालनात स्थान मिळाले. त्याच काळात त्याची बुद्धी ढासळत होती आणि तो आपल्या गाडीत रात्री काढीत होता. २००२ साली वयाच्या पन्नासाव्या वर्षी तो गेला. डोक्याला वारंवार बसलेल्या धक्क्यांनी त्याचा मेंदू पोखरला होता, हे मृत्यूनंतरच्या तपासणीत निष्पन्न झाले. पुढे हजारो माजी खेळाडूंनी दावे लावले आणि लीगला शंभर कोटी डॉलर्सहून अधिक भरपाई द्यावी लागली. २०१५ साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासानुसार, निवृत्तीनंतर बारा वर्षांत जवळजवळ सोळा टक्के खेळाडूंनी दिवाळे जाहीर केले; ज्यांची मिळकत मोठी होती, त्यांतही हे प्रमाण कमी आढळले नाही.

परंतु अमेरिकेची दुसरी बाजूही आहे. तेथील खेळाडूंची संघटना १९५६ पासून आहे. १९८२ साली, मुंबईत गिरणी कामगार संपावर होते त्याच वर्षी, या खेळाडूंनी सत्तावन्न दिवसांचा संप केला आणि निवृत्त होताना एकरकमी भत्ता मिळविला. आज तीन हंगाम खेळलेला खेळाडू निवृत्तिवेतनास पात्र ठरतो. ही मालकांची कृपा नव्हे, सामुदायिक सौद्याचे ते फळ आहे. कबड्डीच्या लिलावात मात्र खेळाडू हा सौद्याचा विषय आहे, सौद्यातील पक्ष नाही. केंद्र सरकारची खेळाडूंसाठी निवृत्तिवेतन योजना आहे, पण ती आंतरराष्ट्रीय पदकविजेत्यांपुरती. लीगमध्ये सहा वर्षे खपलेला परंतु आशियाई स्पर्धेचे पदक न मिळालेला खेळाडू तिच्या कक्षेत येत नाही.

प्रक्षेपणाच्या हक्कांतून येणाऱ्या उत्पन्नातील एक ठरावीक हिस्सा खेळाडूंच्या निधीत टाकणे अवघड नाही. त्यातून दुखापतीनंतरच्या उपचारांचा आणि निदान एका वर्षाच्या निर्वाहाचा खर्च निघू शकेल. लिलावाच्या आकड्यांपुढे ही रक्कम किरकोळच ठरेल. दरम्यान महाविद्यालयांनाही काही करता येईल. सरावासाठी हजेरीत सवलत दिली की आपले कर्तव्य संपले, असा समज सर्वत्र दिसतो. त्या मुलाची पदवी वेळेवर पूर्ण व्हावी म्हणून स्वतंत्र परीक्षा घेण्याची तसदी मात्र क्वचितच घेतली जाते. अमळनेर, चोपडा वा शिरपूरच्या मुलाला लीगच्या निवड-चाचणीचे बोलावणे येते ते बहुधा पदवीच्या दुसऱ्या किंवा तिसऱ्या वर्षी, आणि त्याच सुमारास स्पर्धा परीक्षांचे अर्जही निघतात. बोलावणे स्वीकारण्यापूर्वी त्याच्या वडिलांनी करारपत्रातील एवढे एक कलम वाचून घ्यावे: मुलगा जायबंदी झाल्यास उरलेल्या हंगामाचे पैसे मिळणार की नाही, आणि शस्त्रक्रियेचा खर्च कोणाच्या माथी.